दुसरं काडतूस

"पाटलीणबाई, माझ्याबद्दल काय ल्हिलंस?"

सकाळची वेळ. दूध संस्थेच्या दारात किटल्या घेऊन रांग लागलेली, आणि रांगेत मीही. केरबाअण्णा खापणे रस्त्याच्या मधोमध उभा राहून विचारत होता. डोक्याला पटका, अंगात बंडी, हातात रिकामी किटलीसुद्धा नाही. म्हणजे दूध घालायला आला नव्हता. माझ्यासाठीच आला होता.

"अजून काही लिहिलं नाही, अण्णा," मी म्हणाले. "लिहिल्यावर कळेलच की."

"नीट ल्ही. दुनळी बंदूक हाय माझी. दोन नळ्या, दोन काडतुसं. एक पांडबासाठी ठेवलंय. दुसरं कुणाला, ते अजून ठरलं न्हाई."

आत फॅट बघत बसलेल्या आमच्या ह्यांच्या हातून काचेची नळी निसटून फुटली. आमचे हे दूध संस्थेचे सचिव. कुणाच्या दुधात किती पाणी हे तोंडावर सांगताना त्यांचा आवाज कधी कापला नाही, पण त्या सकाळी त्यांनी फुटलेली नळी उचलायला जो वाकून वेळ लावला, तो मी अजून विसरलेले नाही.

केरबाअण्णा जागचा हलला नाही. त्यानं रांगेकडं या टोकापासून त्या टोकापर्यंत पाहिलं आणि विचारलं, "ऐकलं न्हवं समद्यांनी?"

मग तो वळला आणि आला तसा निघून गेला. धमकी देणारा माणूस ती सगळ्यांना ऐकू गेली का म्हणून खात्री करून घेतो, याचं मला तेव्हा नवल वाटलं. पण तेवढ्यात रांग पुढं सरकली आणि मी किटली उचलली.

मी गावची पोलीस पाटील होते. रीतसर परीक्षा देऊन झालेली. तरी गावाला त्याची गंमतच वाटायची. "पाटलीणबाई, चोर दिसला तर लाटणं मारणार का उलथनं?" असं म्हातारी माणसंसुद्धा विचारायची. मीही काही कमी नव्हते. "आधी तुमच्यावर मारून बघते," म्हणायचे. भांडणं मिटवायची, कुणी बेवारस दिसलं तर ठाण्यात कळवायचं, गणपतीची मिरवणूक वेळेत पुढं काढायची, एवढाच माझा कारभार. बंदुकीशी माझा संबंध येईल असं मला कधी वाटलं नव्हतं.

आमचं गाव जंगलाच्या कडेला. रानडुकरं आणि गवे रात्रीतून उभा ऊस आडवा करतात, म्हणून पूर्वी शेतीच्या राखणीसाठी बंदुकीचे परवाने मिळायचे. गावात असा एकच परवाना उरला होता, केरबाअण्णाचा. आणि केरबाअण्णावर खटला चालू होता. पाण्याच्या पाळीवरून भांडण होऊन पांडबा कुरणेवर उसात कोयत्याचा वार झाला होता. वार मागून झालेला, त्यामुळं कुणी मारलं हे पांडबानं पाहिलंच नव्हतं. पण त्याच दिवशी केरबाअण्णा कोयता घेऊन आपण होऊन ठाण्यात गेला आणि 'मी मारलं' म्हणून बसला. पांडबाचा उजवा हात कायमचा गेला. केरबाअण्णाला जामीन मिळाला आणि कोर्टात तारखा पडत राहिल्या.

बंदूक मात्र त्याच्या सोप्यातल्या खुंटीलाच होती. ती काढून घ्यावी असा कागद ठाण्यातून कलेक्टर कचेरीत गेला होता, आणि फिरून परत आला होता.

"नुसता खटला चालू आहे म्हणून परवाना रद्द केला, तर तो वर टिकत नाही, बाई," शिंत्रे हवालदारांनी मला समजावून सांगितलं होतं. "गुन्हा अजून शाबीत कुठं झालाय? ह्या माणसाकडं बंदूक राहिली तर शांततेला धोका आहे, असं गावातनं कुणीतरी सांगायला पाहिजे. साहेबांनी तुमचा अहवाल मागितलाय."

"आणि मी सांगितलं तर बंदूक कधी नेणार?"

"ऑर्डर झाल्यावर."

"तोवर?"

"तोवर जरा जपून राहा."

एवढा दिलासा देऊन ते मोटारसायकलला किक मारून गेले.

त्या दिवशी ह्यांनी जेवताना दोनदा भाताऐवजी आमटीच वाढून घेतली. "हे बघ," म्हणाले, "माणूस सत्तरीचा आहे. रागीट आहे, पण धोकादायक असं काही नाही, असं लिही. गुळमुळीत लिही. सरकारी कागदाला गुळमुळीतच शोभतं."

"आणि उद्या त्यानं पांडबाला घातली गोळी, मग?"

"आणि तू लिहिलंस आणि त्यानं तुला घातली, मग?"

केरबाअण्णा माझ्या वडिलांचा जोडीदार. लहानपणी त्यानं मला खांद्यावर बसवून म्हाईला, गावच्या जत्रेला, नेलेलं. मला तो 'अनू' म्हणायचा. 'पाटलीणबाई' असं आयुष्यात पहिल्यांदाच म्हणाला होता, तेही चारचौघांत. ते मला धमकीइतकंच लागलं होतं.

दुसऱ्या दिवशी सयाजी आला. केरबाअण्णाचा एकुलता एक मुलगा. गावात सयाजीसारखा मुलगा दुसरा नव्हता, असं तेव्हा कुणीही सांगितलं असतं. कुणाच्या घरी मयत झालं तर लाकडं फोडायला हा पुढं, कुणाची म्हैस अडली तर डॉक्टरला आणायला हा. तरुण मंडळाचा अध्यक्ष. बोलणं असं की ऐकणाऱ्याला आपणच त्याच्यावर काही उपकार केलेत असं वाटावं. येताना नव्या गुळाची ढेप घेऊन आला आणि चपला पार अंगणाच्या टोकाला काढून आत आला.

"आक्का, अण्णा काय बोलला ते कळलं मला. मान खाली गेली बगा माझी. पाया पडतो तुमच्या."

"तू कशाला पाया पडतोस?"

"म्हातारपण हाय. डोकं ठिकाणावर न्हाई त्येचं. तुमी मनावर घिऊ नका." तो जमिनीवरच बसला. माझी शिवणाची कात्री तिथं पडली होती, ती त्यानं उचलली आणि बोलता बोलता उघडमीट करू लागला. "बंदूक गेली तर डुकरं ऊस ठेवायची न्हाईत. तुमी चांगलं ल्हिवा. मी हाय न्हवं त्येच्यावर लक्ष ठेवायला. काडतुसं कुठं ठेवतोय एवढं तेवढं कळंना, पण ते बी हुडकतो."

"काडतुसं तुला ठाऊक नाहीत?"

"लपवतोय म्हातारा. मागच्या निवडणुकीला बंदूक ठाण्यात जमा केली, तर निवडणूक झाल्यावर परत आणायचं नावच घीना. मीच त्येला गाडीवर बशिवला आन् न्हेला, तवा आली. म्हातारपणी असंच असतंय." तो हसला. "पुढं परवाना माझ्या नावावर करून घेणार हाय मी. मग काय चिंता न्हाई."

मी विचारलं, "शालन बरी आहे का? दिसली नाही बरेच दिवस."

शालन त्याची बायको. कात्री थांबली.

"बरी हाय की. विहिरीच्या पायरीवर पाय सरकला जरा. घरात हाय." त्यानं कात्री होती तिथं, होती तशी ठेवली. "कामाची बाई हाय, पर येंधळी. मग आक्का, चांगलं ल्हिताय न्हवं?"

मी 'बघते' म्हणाले. तो गेल्यावर मी गुळाची ढेप फडताळात ठेवली आणि बसून गुळमुळीत अहवाल लिहिला. वय झालेलं आहे, मुलगा जबाबदार आहे, गावात सलोखा आहे. दसऱ्याची सुट्टी झाली की ठाण्यात द्यायचा म्हणून पिशवीत घातला. बरं वाटलं का, तर नाही. पण सुटल्यासारखं वाटलं, हे खरं.

खंडेनवमीला आमच्याकडं सगळ्या हत्यारांची पूजा होते. कोयते, खुरपी, नांगराचा फाळ, शिवणाचं मशीन, जे ज्याच्या पोटाला घालतं ते. खापण्यांच्या आळीची रीत वेगळी. त्या दिवशी बंदूक खुंटीवरून उतरवून पाटावर मांडायची, आळीतले सगळे कोयते तिच्या भोवती ठेवायचे आणि गावच्या पाटलानं येऊन नारळ वाढवायचा. पाटीलकी माझ्याकडं आल्यापासून तो मान माझा होता. त्या वर्षी हे म्हणाले, ताप आला म्हणून सांग. मी म्हणाले, नाही गेले तर मी घाबरले हे गावभर होईल. खरं तर मी घाबरलेच होते, पण घाबरलेल्या पाटलिणीला गाव पुढं विचारणार नाही, याची भीती जास्त होती.

मी गेले तेव्हा उन्हं चढलेली होती. सोप्यात आणि अंगणात आळीतली बायामाणसं. पाटावर लाल फडकं, त्यावर बंदूक, बंदुकीला झेंडूची माळ. बंदुकीच्या उशाशी केरबाअण्णा मांडी घालून बसलेला. माझ्याकडं त्यानं पाहिलंसुद्धा नाही. सोप्याच्या कोपऱ्यात एक परका तरुण पाहुणा चहाची बशी धरून अवघडून बसला होता.

"माझा मेव्हणा," सयाजीनं ओळख करून दिली. "मुराळी आलाय. बहिणीला दसऱ्याला न्हेतो म्हणतोय. आता सणाच्या दिवसात घरची बाई धाडून कसं चालंल, तुमीच सांगा आक्का."

सगळे हसले. पाहुणाही कसानुसा हसला. आतल्या दाराशी शालन उभी होती. तिनं पदर गळ्याभोवती घट्ट लपेटून घेतला होता. ती हसली नाही, आणि भावाकडंही तिनं पाहिलं नाही.

मी हळदकुंकू वाहिलं. नारळ हातात घेतला.

"आमच्या आक्कांनी चांगलं ल्हिलंय बरं का," सयाजी मोठ्यानं म्हणाला. "बंदूक आपल्या आळीतच ऱ्हाणार."

मी त्याला तसं काही सांगितलेलं नव्हतं. पण चेहऱ्यावरनं ओळखणाऱ्याला सांगावं कशाला लागतं? मी नारळ हातात धरून तशीच राहिले.

केरबाअण्णानं मान वर केली. "चांगलं ल्हिलंस?"

"अण्णा, पूजा होऊ दे, मग बोलू."

"चांगलं ल्हिलंस माझ्याबद्दल?"

आणि त्यानं पाटावरची बंदूक उचलली. माळेसकट. सत्तरीचा माणूस, पण इतक्या चटकन उठला की मागच्या बायकांना कळलंच नाही. बंदुकीचं तोंड माझ्या छातीवर होतं. माझ्या हातातला नारळ कधी पडला आणि घरंगळत कुठं गेला, मला माहीत नाही. एका बाईनं किंकाळी फोडली आणि अंगण रिकामं होऊ लागलं.

"अण्णा," मी म्हणाले. डोळ्यांपुढं दोन काळी भोकं होती, आणि त्यांच्याभोवती झेंडूची फुलं.

"म्हाताऱ्या." हा आवाज सयाजीचा होता, पण मी तो याआधी कधी ऐकला नव्हता. खालचा, दात न उघडता आलेला. "ठेव ती खाली. ठेव. न्हाईतर आत कुणाला काय हुईल ते तुला ठावं हाय."

केरबाअण्णानं बंदूक तसूभर हलवली नाही. "पाटलीणबाई," तो म्हणाला, "माणसावर बंदूक धरली. पाटलावर धरली. समद्यांनी बघितलं. आता मला धरून चावडीत न्हेतीस, का हितंच हुबी ऱ्हातीस?"

मला काय सुचलं देव जाणे. "चला," म्हणाले.

तो पुढं, मी मागं. बंदूक त्यानं माझ्या हातात दिली नाही, पण तोंड जमिनीकडं केलं होतं. मागून सयाजी आणि सगळी आळी. आमच्या गावची चावडी म्हणजे एक खोली, एक टेबल, एक खिडकी. आत शिरल्याबरोबर केरबाअण्णा म्हणाला, "कडी लाव." मी लावली. मग त्यानं बंदूक टेबलावर ठेवली आणि भिंतीला पाठ लावून खाली बसला. मी शिंत्रे हवालदारांना फोन लावला. जीप निघते म्हणाले.

दारावर टकटक झाली. "आक्का," सयाजीचा आवाज पुन्हा नेहमीसारखा गोड झाला होता. "दार उघडा की. अण्णाला पाणी देतो. ऊन लागलंय त्येला."

मी कडीकडं हात नेला.

"उघडू नको, अनू," केरबाअण्णा हळूच म्हणाला.

अनू. मी थांबले.

"दुपारची एसटी गेली का ग?"

"कुठली एसटी?"

"खिडकीतनं बघ. फाट्याला थांबली असंल."

खिडकीची एक फळी मी किलकिली केली. चावडीच्या कट्ट्यावर निम्मं गाव जमलं होतं आणि सयाजी दाराला चिकटून उभा होता. लांब फाट्याच्या वडाखाली एसटी अजून आली नव्हती. वडाखाली दोन माणसं उभी होती. एकानं पिशवी धरली होती. दुसरी बाई होती, गळ्याभोवती पदर लपेटलेली.

मी फळी लावून घेतली. "शालन आहे," म्हणाले. माझा आवाज आपोआप बारीक झाला होता.

"दोन वरसं झाली, म्हायेरला धाडली न्हाई तिला. भावाला मीच सांगावा धाडला, खंडेनवमीला ये म्हणून. सयाजीचं ध्यान दुसरीकडं लागल्याबिगर तिला घरातनं निघता याचं न्हाई." त्यानं पटका काढून मांडीवर ठेवला. "तिचा गळा बघितलास? पायरीवरनं पडली म्हणून सांगतोय गावाला. आन् गाव ऐकतंय."

"पांडबावर वार..."

"मी न्हवतोच उसात त्या दिशी. कोयता सयाजीनं आणून माझ्यापुढं टाकला, आन् त्येनंच ठाण्याच्या दारात सोडलं मला. पोरगा हाय. काय करणार हुतो?"

टकटक. "आक्का, काय बोलताय आत? म्हाताऱ्याचं काय खरं धरू नका बरं का."

"शिव्या देतोय मला," मी दाराकडं तोंड करून ओरडले. खोटं बोलायची मला सवय नाही, पण ते आपसूक आलं. केरबाअण्णानं माझ्याकडं बघून मान हलवली.

"मग परवाना आपण होऊन का नाही दिलास, अण्णा? ठाण्यात जाऊन, नको मला बंदूक, असं म्हणाला असतास."

"गाडीवर पुढं सयाजी आन् मागं मी. गावाबाहीर कुठं जायाची सोय हाय का मला एकट्याला? आन् मी दिली आसं कळलं असतं, तर त्येचा राग कुणावर निघाला असता? सरकारनं काढून न्हेली पायजे. माझा हात त्यात दिसला न्हाई पायजे. म्हणून आलो हुतो संस्थेत, तुला दमात घ्यायला. आन् तू चांगलं ल्हिलंस."

मी खिडकीची फळी पुन्हा घट्ट लावली.

मग त्यानं धोतराच्या कनवटीला हात घातला आणि दोन काडतुसं काढली. लाल, बूड पितळी. हातावर घेऊन मला दाखवली. मला आधी अर्थ लागेना. मग लागला. माझ्या छातीवर धरलेली बंदूक रिकामी होती.

"रातीला झोपताना बी हितंच असत्यात," तो म्हणाला. "बंदूक दे हिकडं."

"कशाला?"

"भरतो."

मी टेबलाला पाठ लावून उभी राहिले. बंदूक माझ्या मागं होती. बाहेर सयाजी कुणाशी तरी हसून बोलत होता. सोप्यात मला जेवढी भीती वाटली, त्याच्या दुप्पट आता वाटली. हा माणूस खरं बोलतोय कशावरून? दार बंद, खोलीत दोघं, आणि त्याला भरलेली बंदूक हवी आहे. आतापर्यंत ऐकलं ते सगळं एका भ्रमिष्ट म्हाताऱ्याचं असेल तर?

"अनू, नीट ऐक," तो म्हणाला. "हवालदार यील. बंदूक मोडून, नळ्या उघडून बघंल. रिकामी दिसली की म्हणंल, म्हातारं सणाला नाचलं. सयाजी पाया पडंल, तू बी माफ केलं म्हणशील. चार दिसात बंदूक खुंटीला. भरलेली घावली तर मला आत घालत्याल आन् परवाना जाईल. जन्मात परत मिळायचा न्हाई, त्येला बी न्हाई. दे."

फाट्यावर एसटीचा भोंगा वाजला. बाहेरचं हसणं थांबलं. सयाजीनंही ऐकला असावा. तो तेव्हा घरी गेला असता, तर शालन घरात नाही हे त्याला लगेच कळलं असतं. तो गेला नाही. बंदूक आत होती, आणि त्याचा जीव बंदुकीत होता.

मी बाजूला झाले.

केरबाअण्णानं बंदूक मोडली, दोन्ही काडतुसं आत सरकवली, बंदूक मिटवली आणि तोंड भिंतीकडं करून टेबलावर ठेवली. झेंडूची माळ तुटून त्याच्या पायापाशी पडली होती. ती त्यानं उचलून पटक्यात गुंडाळली. मग दोन्ही हात मांडीवर ठेवून जीप यायची वाट बघत बसला.

एसटी निघाल्याचा आवाज आला. तो चढण चढून विरेपर्यंत मी खिडकीच्या फळीला कान लावून उभी होते.

शिंत्रे हवालदारांनी बंदूक मोडून बघितली तेव्हा त्यांचा चेहरा उतरला. "भरलेली होती, बाई," म्हणाले. "नशीब तुमचं." जीपमध्ये चढताना केरबाअण्णानं सगळ्या गावादेखत माझ्या सात पिढ्या उद्धरल्या. सयाजी माझ्याजवळ उभा होता. म्हाताऱ्याकडं नाही, बंदुकीकडं बघत होता.

त्या संध्याकाळी मी गुळमुळीत अहवाल चुलीत घातला आणि दुसरा लिहिला. केरबा खापणे हा धोकादायक इसम असून त्याच्या हाती शस्त्र राहिल्यास जीवितहानी होईल. त्यानंतर लवकरच परवाना रद्द झाला. कारण म्हणून प्रलंबित खटला आणि सार्वजनिक शांततेला धोका, असं दोन्ही लिहिलं होतं. बंदूक सरकारजमा झाली. शालन माहेरीच राहिली. सयाजी तिला आणायला गेला होता, पण हात हलवत परत आला. तिच्या भावकीनं त्याला वेशीच्या आत येऊ दिलं नाही. मग एकदा तो माझ्याकडं आला, चपला अंगणाच्या टोकाला काढून.

"आक्का, त्या दिवशी चावडीत अण्णा काय काय बोलला?"

"शिव्या दिल्या. दुसरं काय देणार?"

तो बराच वेळ माझ्या डोळ्यांत बघत राहिला. मग हसला. "तसाच हाय त्यो," म्हणाला.

कोर्टात मला शपथेवर विचारलं, बंदूक तुमच्यावर रोखली तेव्हा ती भरलेली होती का? आरोपीच्या पिंजऱ्यात केरबाअण्णा उभा होता. मी 'होय' म्हणाले. त्याला शिक्षा झाली. पांडबाच्या खटल्यातही झाली. गावाला वाटलं, बाईनं धाडस केलं. माझा सत्कारही झाला, शाल आणि नारळ. शाल सयाजीनंच माझ्या खांद्यावर घातली.

केरबाअण्णा सुटून आला तेव्हा पार वाळला होता. पहिल्या खंडेनवमीला मी मुद्दाम त्या आळीवरून गेले. पूजा बंद पडली होती. तो एकटाच सोप्यात बसला होता. भिंतीवरच्या मोकळ्या खुंटीला त्यानं झेंडूची माळ घातली होती. मी पायरीशी थांबले. सयाजी घरात होता, आत भांड्यांचा आवाज येत होता.

"अण्णा," मी हळूच म्हणाले, "एक विचारायचंय. शपथ घेऊन मी खोटं बोलले. आणि तुला धोकादायक म्हणून लिहिलं, ते मनाला लागून राहिलंय. तेही खोटंच होतं."

तो खुंटीकडं बघत होता.

"ते खोटं न्हवतं," म्हणाला. "तुला संस्थेत म्हणालो न्हवतो का, दुसरं काडतूस कुणाला ते ठरलं न्हाई म्हणून? ठरलं हुतं. आदल्या रातीला मी बंदूक भरली आन् सयाजीच्या उशाशी जाऊन हुबा ऱ्हायलो. शालनला जाग आली. तिला अंधारात काय दिसलं, काय न्हाई, देव जाणे. 'मामंजी, पाणी हवं का?' म्हणाली." त्याचा हात रिकाम्या कनवटीपाशी गेला. "म्हणून सकाळी उठून तुझ्याकडं आलो, अनू. बंदूक घरात ऱ्हायली असती, तर आज न्हाई उद्या मी पोटच्या पोराला..."

आतले आवाज थांबले. "अण्णा," सयाजीनं आतून गोड आवाजात विचारलं, "कुणासंगं बोलताय?"

केरबाअण्णानं माझ्याकडं पाहिलं. मग घसा खाकरला आणि सगळ्या आळीला ऐकू जाईल अशा आवाजात ओरडला, "पाटलीण आलीया! चल, हो चालती, तुझं थोबाड दावू नकोस मला!"

मी खाली मान घालून पायरी उतरले. त्यानं मागून आणखी दोन शिव्या दिल्या. मी घरी येईपर्यंत डोळे पुसले नाहीत, कारण आळीतल्या बायका दारात उभ्या राहून बघत होत्या.